एका दिवसाचे कान

आमच्याकडे कान भाजतात.
पहाटे तीनला भट्टी उघडली की
ट्रेवरून ओळीने निघतात चाळीस जोड,
पावाच्या रंगाचे, टोकाला निमुळते.
रबराचा तो आंबूस वास
सुट्टीच्या दिवशीही बोटांतून जात नाही.
नायरी ओरडते, डावे डाव्यांत ठेव, उजवे उजव्यांत!
मागे एकदा एका राजपुत्राला दोन्ही डावेच लागले,
जेवणाच्या सुट्टीपर्यंत कुणाच्या लक्षात आलं नाही.

हे कान ज्यांचे, ते मरत नाहीत.
संहितेत तसं लिहिलंय, पान चार:
तीन हजार वर्षं जगतात,
बर्फावरून चालले तरी पाऊल उमटत नाही,
सात टेकड्यांपलीकडच्या घोड्याची टाप
त्यांना ऐकू येते.
कानाचं तसं नाही.
कड इतकी पातळ, की संध्याकाळी डिंक सोडवताना फाटतेच.
एक जोड, एक दिवस.
अमरांचे कान रोज रात्री मोजून पोत्यात भरतो आम्ही,
हट नदीकाठच्या या शेडमध्ये,
जिथे पूर्वी लोकरीच्या गासड्या बांधायचे.

खुर्चीत येऊन बसतात ते सगळे इथलेच.
व्हॉलीबॉल खेळणाऱ्या दोघी बहिणी,
पेट्रोल पंपावरचा सिओने,
रजा टाकून आलेला एक दंतवैद्य.
मी कानामागे डिंक लावते, फुंकर घालते,
आणि माणसं बोलायला लागतात.
कुणी इतकं कानाजवळ आलं की
बोलावंच लागत असेल.
हप्ते, घटस्फोट, आईची विसरभोळी फोनवरची बडबड.
मी या कानाचं त्या कानाला करत नाही.

मंगळवारी अनाहेरा आली.
बसली, आणि उजव्या कानातून
घेवड्याच्या बीएवढं एक यंत्र काढून
माझ्या ब्रशांशेजारी ठेवलं.
मग डाव्यातून दुसरं.
"हे असलं तर वरून कान बसणार नाही, हो ना?"
मी पुटपुटले काहीतरी, मग भान आलं,
मग ओठ सावकाश हलवत म्हटलं,
आतून पोकळी कोरते, अर्धा तास दे.
"नको," ती म्हणाली. "टेकडीवर वारा आहे.
वाऱ्यात त्याच्यातून नुसता खरखराट येतो."

टेकडीवर प्रसंग होता: शत्रू येतोय, कानोसा घ्या.
शत्रू नंतर भरायचा होता, संगणकात.
एकोणचाळीस जणांनी कानोसा घेतला,
म्हणजे भुवया चढवल्या, माना तिरक्या केल्या,
शेजारच्यांचं भांडण भिंतीला कान लावून ऐकावं तसं.
तिने काहीच केलं नाही.
समोरच्या उतारावरचं गवत कुठल्या बाजूला निजतंय ते पाहिलं.
एक पक्षी का उडाला ते पाहिलं.
पुढच्या माणसाचा खांदा ताठ होताना पाहिला.
आणि वळली,
आधी पाठ, मग मान, डोळे सगळ्यात शेवटी.

मी कॅमेऱ्यामागे डिंकाची बाटली धरून उभी होते.
खोटं कशाला सांगू,
मीही मागे वळून पाहिलं.
पाच-सहा गाड्या उभ्या होत्या,
चहाचा थर्मास,
झुडपावर एक टुई, गळ्याशी पांढरा गोंडा फुगवून.

संध्याकाळी तिचा उजवा कान
न फाटता निघाला, अख्खा.
दोन वर्षांत पहिल्यांदा.
मी तो तिच्या तळहातावर ठेवला
आणि वहीत लिहिलं: एकोणऐंशी.
नायरीने कानाडोळा केला.
अनाहेराने यंत्रं आत सरकवली,
आणि तिचा चेहरा आक्रसला एकदम:
ड्रायर, चेन ओढल्याचा आवाज, कुणाचं तरी हसणं.
"केवढा गोंगाट करता तुम्ही लोक," ती म्हणाली
आणि बस पकडायला गेली.

उद्याचे चाळीस जोड भट्टीत सरकवून
मी दाराशी आले.
वारा पडला होता.
जरा वेळ उभी राहिले तशीच.
घोडा वगैरे काही नव्हता.
नदी होती, ती असते हे
मला आजवर कुणी सांगितलं नव्हतं.